हनुवटीखालचा रुमाल

"ही कोण बोलतेय?" तिनं विचारलं, आणि काचेपलीकडचे दोघंही खो खो हसत सुटले. हसण्यासारखं काय झालं ते तिला कळेना. हेडफोनमधून एका बाईचा आवाज येत होता. भरलेला, ठसठशीत, जरासा रागावलेला आणि त्या रागातही मजा घेणारा. "अहो, नळाला हातोडी लावू नका! मी सांगतेय ना, हात लावू नका! प्लंबर आला की त्याला काय ठोकायचं ते ठोकू दे!" छानच होता आवाज. चाळिशीची असेल बाई, तिच्या मनात आलं, नवीन कुणी आली असेल तर बरंच आहे, असे आवाज ह्या धंद्यात हल्ली मिळतात कुठं. मग तो आवाज म्हणाला, "ठेवते मी, इथं काम आहे," आणि पाठोपाठ एका स्टुलाची लांबलचक कुरकुर ऐकू आली. ती कुरकुर तिच्या ओळखीची होती. ती बसली होती त्याच स्टुलाची होती. अगं बाई, ही तर आपणच! मघाशी घरी सासूबाईंना फोन लावला होता, आणि माइक चालूच राहिल्यानं ते सगळं रेकॉर्ड झालं होतं.

"माफ करा बाई, बंद करायचा राहून गेला," कानसेन डोळे पुसत म्हणाला. कानसेन म्हणजे रेकॉर्डिस्ट. वरच्या मजल्यावर टाचणी पडली तरी ह्याला कळते अशी त्याची ख्याती होती, आणि खरं नाव तो स्वतःही क्वचितच वापरायचा. पण त्याच्या शेजारी बसलेली डायरेक्टरीणबाई आता हसत नव्हती. ती काचेला नाक लावून आत बघत होती. "आई," ती म्हणाली (स्टुडिओत लहानथोर सगळे तिला आईच म्हणायचे, जन्मभर आयांचंच काम केल्यावर दुसरं काय म्हणणार), "आई, हा आवाज इतकी वर्षं कुठं लपवून ठेवला होता?" त्यावर काहीतरी गमतीचं बोलावं असं तिला वाटलं, पण तिनं नुसता हेडफोन काढून मांडीवर ठेवला. परीक्षेचा निकाल लागायच्या दिवशी वाटायचं ना, अगदी तसं तिला वाटायला लागलं होतं.

दुसऱ्यांच्या ओठांत आपला आवाज घालायचा, हा तिचा धंदा. परक्या भाषेतला सिनेमा किंवा मालिका आली की त्यातल्या म्हाताऱ्या तिच्याकडे यायच्या. आजही ती एका शेजारीणबाईसाठी आली होती. दोन वाक्यं आणि एक खोकला, संपलं. सिनेमाची नायिकाच सदुसष्ट वर्षांची आहे हे तिनं उडत उडत ऐकलं होतं, आणि नायिकेचा आवाज तिचीच शिष्या, तीस वर्षांची पोरगी, देत होती. त्यात नवल काही नव्हतं. म्हाताऱ्यांचे आवाज तरण्या मुलीच देतात. ती स्वतः सत्ताविसाव्या वर्षी म्हातारी झाली होती. "पण जमत नाहीये हो," डायरेक्टरीणबाई म्हणाली. "पडद्यावरची बाई धावतेय आणि आवाज काठी टेकत मागून येतोय. संध्याकाळी निर्मात्यांना एक प्रसंग ऐकवायचाय, बंदराच्या धक्क्यावरचा. तुम्ही करून बघा. ह्या, फोनवरच्या आवाजात. जमलं तर अख्खा सिनेमा तुमचा. नाही जमलं तर मग आहे तिलाच ठेवून उरकायचं, दुसरा इलाज नाही." अख्खा सिनेमा! तिनं उगाच पर्स उघडली आणि बंद केली. हुरळली मेंढी अन् लागली लांडग्याच्या पाठी असं होऊ नये म्हणून तिनं स्वतःला दोन शब्द सुनावले, पण मेंढी कुठली ऐकतेय.

प्रसंग दाखवला गेला. धक्का, पाणी, सुटत आलेली बोट. ही बाई एका बेटावरच्या हवामान केंद्रात नोकरीला निघालीय. सदुसष्टाव्या वर्षी, नोकरीला! मुलगा पाठीमागून येतो, तिची बॅग धरतो, काहीबाही समजावतो. ती ऐकते. आणि मग बॅग त्याच्याच हातात सोडून देते, वळते आणि धावत सुटते, आणि धावता धावता बोटवाल्याला ओरडते: "अहो, थांबा! मी येतेय!" एवढंच. रडणं नाही, खोकला नाही, मुलाच्या डोक्यावरून हात फिरवणं नाही. धावताना त्या बाईचे गाल हलतात, दंडाची कातडी हलते, केस तोंडावर येतात, आणि कॅमेरा ते सगळं मिटक्या मारत बघत राहतो. तिनं "पुन्हा दाखवा" म्हटलं. पुन्हा बघितलं. तिला त्या बाईचे पाय दिसले आणि ती चपापलीच. इतक्या वर्षांत तिच्या एकाही म्हातारीला पाय नव्हते. त्या खुर्चीत असायच्या, खाटेवर असायच्या, दारात असायच्या, आणि कॅमेरा छातीच्या खाली कधी उतरायचाच नाही. त्या विचारायच्या, "बाळा, जेवलास का?" आणि उत्तर यायच्या आत कॅमेरा बाळाकडे वळलेला असायचा. बाळ जेवलं की नाही हे सगळ्या जगाला कळायचं, म्हातारी जेवली की नाही हे कुणी विचारलं असेल तर शपथ. त्या आजारी पडायच्या, कारण मुलानं परत यावं. त्या मरायच्या, कारण मुलानं सूड घ्यावा. तिनं किती जणींना मारलं ह्याचा हिशेब तिनं कधीच सोडून दिला होता. अलीकडे मात्र काहीतरी बदलत होतं, हे तिच्या लक्षात यायला लागलं होतं. हातातल्या कागदावर म्हाताऱ्यांची वाक्यं लांब व्हायला लागली होती. एक आजी खोटं बोलली होती, तेही मजेत. एका आईनं "नाही" म्हटलं होतं आणि त्याचं कारण दिलं नव्हतं. एका विधवेला तर चक्क एक माणूस आवडला होता, आणि लेखकानं तिला त्याबद्दल मारलंही नव्हतं. तेव्हा तिला वाटलं होतं की पानं चुकून इकडची तिकडे झाली असतील. आणि ही सगळी नवी वाक्यं तिनं त्याच जुन्या कापऱ्या आवाजात म्हणून टाकली होती, कारण म्हातारी म्हटली की आवाज तोच, असं कुणी न शिकवताच सगळ्यांना ठाऊक होतं.

ती स्टुलावर बसली. लाल दिवा लागला. बाई धावली, तोंड उघडलं, आणि तिनं आवाज दिला, "अहो... थांबा हो... मी येतेय..." कानसेननं कपाळाला हात लावला नाही एवढंच. "आई, रुमाल," डायरेक्टरीणबाई हळूच म्हणाली. तिनं खाली बघितलं. घट्ट गुंडाळी केलेला रुमाल हनुवटीखाली, नेहमीच्या जागी, गळ्यावर दाबलेला. तो तिथं कधी गेला हे तिला कळलंच नव्हतं. हात आपोआप पर्सकडे गेला असणार. तिला स्वतःचं हसू आलं आणि त्याचबरोबर जरा भीतीही वाटली.

त्या रुमालाची हकीकत अशी. सत्ताविसाव्या वर्षी ती नायिकेच्या मैत्रिणीचा आवाज द्यायला आली होती, आणि दाढ अशी ठणकत होती की हनुवटी वर उचलवेना. म्हणून तिनं रुमालाची गुंडाळी करून खाली टेकू दिला होता. बाहेर निर्माते वैतागून फेऱ्या घालत होते. त्या सिनेमात आईचं काम करणाऱ्या नटीचा आवाज म्हणे फार खणखणीत होता. "आई आहे का कोण आहे? असा आवाज असलेल्या बाईची कीव कशी येणार?" एवढ्यात आतून हिचा दाढदुखीनं चेपलेला, कापरा आवाज त्यांच्या कानावर पडला, आणि ते जागच्या जागी थांबले. "हाच!" झालं. एका दाढेच्या ठणक्यावर तिचं घर उभं राहिलं. दाढ पुढच्याच आठवड्यात काढून टाकली, पण रुमाल राहिला. नंतर एकदा ती नटी स्वतः येऊन बसली होती, पडद्यावरचं आपलं तोंड आणि त्यातून येणारा हिचा आवाज ऐकत. अठ्ठावन्न वर्षांची, ताठ मानेची बाई. शेवटपर्यंत ऐकून उठली, हिच्या पाठीवर थाप मारली आणि आपल्या त्या खणखणीत आवाजात म्हणाली, "फार सुरेख. पण पोरी, मी मेले कधी?" तेव्हा ती नुसती लाजली होती. तिला वाटलं होतं, ही शाबासकीच.

आता तिनं रुमाल पर्समध्ये टाकला, पर्स बाहेर ठेवली आणि पुन्हा बसली. आणि पुन्हा तेच. रुमाल नव्हता तरी हनुवटी आपसूक खाली गेली, गळा आवळला, आवाज कापला. सुंभ जळाला तरी पीळ जात नाही म्हणतात तो असा. उभं राहून करून बघितलं. हात कमरेवर ठेवून करून बघितलं. आवाज मोठा झाला, पण म्हातारी जास्तच म्हातारी झाली, दूधवाल्यामागे धावणाऱ्या आजारी बाईसारखी. "आई, फोनवर बोलत होतात तसं," डायरेक्टरीणबाई म्हणाली, आणि तिला ओरडून सांगावंसं वाटलं, की अगं, फोनवर मी आवाज देत नव्हते, मी बोलत होते! घड्याळ पुढे सरकत होतं. तिला हा सिनेमा हवा होता. इतकं काही हवंसं वाटून किती काळ लोटला होता कोण जाणे. लग्नात हवं होतं तेव्हा लाज वाटली होती, धंद्यात हवं होतं तेव्हा सवड नव्हती, आणि आता लाजही नव्हती, सवडही होती, आणि गळाच आडवा येत होता.

चहाची सुट्टी झाली. बाहेरच्या बाकावर शिष्या बसली होती, मांडीवर स्वतःचा रुमाल, तसाच गुंडाळलेला. ही करामत तिला हिनंच शिकवली होती. हिला वाटलं, पोरगी रागावली असेल, तोंडचा घास काढल्यावर कोण रागावणार नाही. पण शिष्येनं सरकून जागा दिली आणि चहाचा कप पुढे केला. "सुटले बाई मी. घसा बसलाय माझा. आई, खरं सांगू? त्या बाईचा चेहरा बघितला की मला हा रुमाल खोटा वाटतो. पण रुमाल काढला की मी तिशीचीच ऐकू येते. माझ्याकडे मधलं काही नाहीच हो." मग जरा थांबून तिनं विचारलं, "खरीखुरी म्हातारी माणसं अशी कापऱ्या आवाजात बोलतात का? माझी आजी तर फार लवकर गेली."

ती उत्तर द्यायला गेली आणि तिनं ओठांशी नेलेला कप खाली घेतला. खरीखुरी म्हातारी तिच्या घरात होती. नव्वदी ओलांडलेली. नळाला हातोडी मारणारी. आणि सासूबाईंचा आवाज! त्या खोलीतून बोलल्या की रस्त्यावरची माणसं वर बघायची. नवरा होता तोपर्यंत म्हणायचा, आपल्या घरात बेल कशाला हवी, आई आहे ना. लग्न झाल्यापासून ह्या दोघींचं बोलणं भिंतीआडून चालत आलं होतं. सासूबाईंनी आपल्या खोलीतून हाक मारायची, हिनं स्वयंपाकघरातून उत्तर द्यायचं. हिनं उठून तिकडे जावं की सासूबाईंनी उठून इकडे यावं, हा तंटा पहिल्याच वर्षी पेटला आणि दोघींच्याही मानी स्वभावामुळे कधी मिटलाच नाही. आता तर दोघीच उरल्या होत्या, तरी कुणी जागचं हलत नसे. भाजी काय करायची, औषध घेतलं का, कोण मेलं, कुणाचं लग्न ठरलं, सगळं भिंतीच्या वरून. आणि टीव्हीवर हिची एखादी आई रडायला लागली की सासूबाई आतून गरजायच्या, "अगं, ते मेलं रडगाणं बंद कर! म्हाताऱ्या अशा बोलतात होय? मी बोलते का अशी?" इतक्या वर्षांत सासूबाईंनी टीव्हीवरचा हिचा आवाज एकदाही ओळखला नव्हता. ही सांगायची, "अहो, मीच आहे ती," तर त्या म्हणायच्या, "हॅ! तू कशाला असशील? तुझा आवाज मला ठाऊक नाही?" तिला तो टोमणा वाटायचा, आणि ती स्वयंपाकघरात भांडी आपटायची. टोमणा नव्हताच तो. बाई साधं खरं सांगत होती. काखेत कळसा आणि गावाला वळसा! तिनं कप बाकावर आपटला, शिष्येचा हात घट्ट दाबला आणि जवळजवळ पळतच आत गेली, आणि पळताना तिच्या लक्षात आलं की आपल्यालाही पाय आहेत.

"माइक इथंच राहू दे," तिनं कानसेनला सांगितलं, "आणि हे दार सताड उघडा. मी बाहेरून देणार." कानसेन बघतच राहिला. म्हातारीचा आवाज नेहमी माइकला ओठ चिकटवून घेतात, श्वास ऐकू यावा म्हणून, हे त्यानंच तर बसवलेलं गणित. "बाई, बाहेरच्या बोळात पंखा घरघरतो." "मग पंखा बंद करा. तुमच्यासारख्या कानाच्या माणसाला मी काय सांगायचं?" कानसेन उठला, पंखा बंद करून आला, आणि वाटेत बोळातल्या दोन माणसांना ओठांवर बोट ठेवून गप्प करून आला. ती बोळाच्या दुसऱ्या टोकाला जाऊन उभी राहिली. उघड्या दारातून, लांबून, पडद्याचा चौकोन दिसत होता. मधे भिंत होती, दार होतं, बाकं होती. अगदी घरच्यासारखं. ह्या टोकाला स्वयंपाकघर, त्या टोकाला खोली, आणि खोलीत एक हट्टी बाई, जी काही झालं तरी उठून येणार नाही. भिंतीवरून हाक टाकायची तर हनुवटी वर करावीच लागते. हे तिच्या गळ्याला इतकी वर्षं ठाऊक होतं, फक्त तिनं त्याला धंद्याच्या वेळात कधी विचारलं नव्हतं. कानसेनचा हात वर गेला. चौकोनात बाई वळली. बॅग सुटली. पाय धावले. तिनं हनुवटी वर केली.

"अहो, थांबा! मी येतेय!"

आवाज बोळातून गेला, दारातून शिरला, आणि कुठंतरी वरच्या मजल्यावर एक खिडकी उघडल्याचं ऐकू आलं. त्यात वय होतं, चांगलं भरपूर होतं, जुन्या पितळी भांड्यासारखं. पण कीव कुठंच नव्हती. ती आत आली तेव्हा कानसेन काही न विचारता तो तुकडा पुन्हा लावत होता. पडद्यावरच्या बाईचं तोंड उघडलं आणि त्यातून ही बाहेर पडली. ओठ जुळले. गाल हलले, तेही जुळले. पोटातून असा काही आनंद उसळला की तिला वाटलं, आता आपण इथंच मोठ्यानं काहीतरी करून बसणार. आणि केलंच. तिनं मागोमाग आत आलेल्या शिष्येला उचलायचा प्रयत्न केला, दोघीही स्टुलावर आदळल्या, आणि हसता हसता तिच्या डोळ्यांत पाणी आलं, कारण त्याच क्षणी तिला ती ताठ मानेची नटी आठवली. बाई, तुम्ही मेला नव्हतात हो, ती मनात म्हणाली, आम्हीच तुम्हाला मारलं होतं, आणि आम्हाला ते कळलंही नव्हतं. निर्मात्यांनी संध्याकाळी ऐकलं आणि विचारलं, "ह्या बाई कोण? आधी का नाही बोलावलं?" डायरेक्टरीणबाई गंभीर चेहऱ्यानं म्हणाली, "नवीन आहेत." कानसेननं, कुणाला ऐकवायचं नाही ह्या अटीवर, तो तुकडा तिच्या फोनवर टाकला. अट घालताना त्यालाही ठाऊक होतं की ती मोडणार आहे.

घरी पोचेपर्यंत रस्त्यावर दिवे लागले होते. जिना ती एका दमात चढली. दार नुसतं लोटलेलं होतं, नळाखाली बादली होती, बादलीत हातोडी होती, आणि आतल्या खोलीत सासूबाईंची हालचाल ऐकू येत होती. काय सांगायचं, कसं सांगायचं, हे ती येताना घोकत आली होती. आज मला नायिका केलं, असं सांगितलं तर त्या म्हणणार, हॅ. आधी स्वतः एकदा ऐकू या, मग त्यांना हाक मारू, असं ठरवून तिनं चपला पायात असतानाच फोन काढला आणि बोट लावलं. आवाज पूर्ण मोठा ठेवलाय हे ती विसरली होती.

"अहो, थांबा! मी येतेय!" फोन गरजला.

"अगं, थांबलेय की!" आतून सासूबाई त्याच पट्टीत गरजल्या. "ओरडतेस कशाला? ये ना मग!"

पडद्यासाठी दिलेला तिचा आवाज सासूबाईंनी आज पहिल्यांदाच ओळखला होता. भिंतीवरून काहीतरी उत्तर टाकायला तिची हनुवटी सवयीनं वर गेली होती. पण तिनं ते उत्तर टाकलं नाही. तिनं चपला काढल्या आणि ती आत गेली.